निकाली निघालेला अपघात दावा पुन्हा कसा उभा राहतो

दिवाळी आटोपली की नंदुरबार जिल्ह्यातल्या अक्कलकुवा, धडगाव, तळोदा भागातली कितीतरी घरं कुलूपबंद होतात. बिऱ्हाडं उचलून माणसं ऊसतोडीला, बांधकामावर गुजरातेत जातात आणि बरीचशी होळीच्या सुमाराला परततात. सातपुड्यात होळी हा वर्षातला सगळ्यांत मोठा सण; काठीची राजवाडी होळी तर सर्वदूर माहीत आहे. न्यायालयाची तारीख मात्र हा हंगाम बघून पडत नाही. जानेवारीतल्या एखाद्या दिवशी मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात पुकारा होतो. विमा कंपनीचे वकील उभे राहतात, अर्जदाराकडून कोणीच नसतं. मागच्या दोन-तीन तारखांनाही कोणी आलेलं नसतं. मग रोजनाम्यात नोंद होते: अर्जदार व त्यांचे वकील गैरहजर, सबब अर्ज काढून टाकण्यात येतो.

घरच्यांना हे कळायला कधी वर्ष लागतं, कधी तीन वर्षं. कळतं तेव्हाही एवढंच की ‘केस डिफॉल्टमध्ये गेली’. अपघातात नवरा गमावलेली बाई त्याचा अर्थ ‘आपण हरलो’ असा लावते आणि गप्प बसते. हा अर्थ चुकीचा आहे, आणि या एका गैरसमजापायी अनेक घरांच्या हक्काचा पैसा बुडतो. गैरहजेरीमुळे काढून टाकलेल्या दाव्यात निकाल लागलेलाच नसतो. चूक कोणत्या चालकाची, मृताची कमाई किती, त्याच्यावर अवलंबून असलेली माणसं किती, पॉलिसी चालू होती का, यातल्या एकाही प्रश्नाला न्यायाधीशांनी हात घातलेला नसतो. दावा फाइलीत जिथल्या तिथे थांबलेला असतो आणि तो पुन्हा नंबरावर घेण्याची वाट कायद्यानेच आखून दिलेली आहे.

नंदुरबारसाठी हा विषय किती जवळचा आहे ते रस्त्यांवरून कळतं. सुरत-धुळे महामार्ग नवापूर, विसरवाडीवरून जातो आणि कोंडाईबारीचा घाट चढतो. ऑक्टोबर २०२० मध्ये मलकापूरहून सुरतेला निघालेली खासगी बस याच घाटात दरीत कोसळली, पाच जण गेले. ऑक्टोबर २०२५ मध्ये अस्तंब्याच्या यात्रेहून परतणाऱ्या भाविकांची पिकअप चांदसैली घाटात कोसळून अनेकांचा जीव गेला. त्याखेरीज ज्यांची बातमी होत नाही असे अपघात वेगळेच: रात्री दुचाकीला मागून धडकलेला ट्रक, बाजाराहून परतताना उलटलेली जीप. महामार्गावरचा ट्रक बहुधा बाहेरचा असतो. मालक एका राज्यातला, चालक दुसऱ्या. इथूनच दाव्याच्या अडचणी सुरू होतात.

दावा गैरहजेरीनेच निकाली निघतो असं नाही. चालकाच्या पत्त्यावर काढलेली नोटीस ‘पत्ता अपूर्ण’ असा शेरा मारून परत येते. नवा पत्ता देऊन, फी भरून नोटीस पुन्हा काढायची असते. दिवाणी प्रक्रिया संहितेत त्यासाठी सात दिवस दिलेले आहेत. वकिलांना अर्जदाराचा ठावठिकाणा लागत नाही, किंवा वकीलच लक्ष घालत नाहीत, आणि ‘पावले उचलली नाहीत’ म्हणून दावा निघतो. कधी नोटिशीची फीच भरलेली नसते. महाराष्ट्र मोटार वाहन नियम, १९८९ यांनी दिवाणी संहितेतल्या ज्या थोड्या तरतुदी या न्यायाधिकरणांना लागू केल्या, त्यांत गैरहजेरीचा नववा आदेश आहे. म्हणून दिवाणी दाव्याचा हा नियम अपघाताच्या दाव्यालाही येऊन चिकटतो.

या नवव्या आदेशात एक बारकावा आहे, आणि रोजनाम्याची नक्कल हातात घेतल्याशिवाय तो उलगडत नाही. पुकाऱ्याच्या वेळी दोन्ही बाजू गैरहजर असतील तर दावा तिसऱ्या नियमाखाली निघतो. अशा वेळी जुना दावा पुन्हा नंबरावर घ्या असा, म्हणजे पुनर्स्थापनेचा, अर्ज करता येतो, किंवा मुदतीत असेल तर नवा दावाही टाकता येतो. पण विमा कंपनीचे वकील हजर आणि अर्जदार गैरहजर असतील तर दावा आठव्या नियमाखाली निघतो. मग त्याच कारणावर नवा दावा करायला नवव्या नियमाची आडकाठी येते. जुनाच उभा करावा लागतो. विमा कंपनीचे वकील सहसा हजर असतातच, त्यामुळे बहुतेक घरांना हीच दुसरी गोष्ट लागू पडते.

तिसराही प्रकार आहे आणि तो सगळ्यांत फसवा. अर्जदाराने पुरावा दिला नाही म्हणून न्यायाधिकरण कधी मुद्द्यांची उत्तरं ‘नाही’ अशी लिहून दावा फेटाळतं. दिसायला हेही गैरहजेरीचंच प्रकरण, पण हा गुणावगुणांवरचा निकाल ठरतो. त्यावर पुनर्स्थापनेचा अर्ज चालत नाही, मोटार वाहन कायद्याच्या कलम १७३ खाली ९० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करावं लागतं. योग्य कारण दाखवलं तर तिथेही उशीर माफ होतो. अपील करणाऱ्या अर्जदाराला पैसे जमा करावे लागत नाहीत; ती अट ज्याच्यावर भरपाई देण्याचा आदेश झाला त्याला आहे. चुकीच्या दारात अर्ज टाकून दोन वर्षं घालवण्यापेक्षा आदेशाची नक्कल काढून तो कोणत्या प्रकारचा आहे हे आधी ठरवणं फार महत्त्वाचं.

आता मूळ वाट. दावा गैरहजेरीमुळे निघाला असेल तर मुदत कायद्याच्या १२२व्या अनुच्छेदाप्रमाणे ३० दिवसांत पुनर्स्थापनेचा अर्ज करायचा असतो. हे ३० दिवस आदेशाच्या तारखेपासून मोजतात, आपल्याला कळल्यापासून नव्हे. मुदत टळली असेल तर त्याच अर्जासोबत मुदत कायद्याच्या कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज जोडतात. दोन्हींत सिद्ध करायची गोष्ट एकच: पुरेसं कारण. पहिल्या अर्जात त्या तारखेला का येता आलं नाही, दुसऱ्यात नंतर इतका उशीर का झाला. या दोन प्रश्नांची सरमिसळ केलेले अर्ज मार खातात. ‘अर्जदार अशिक्षित आहे, न्याय व्हावा’ एवढ्या ओळीवर न्यायाधीश काय करणार? त्याऐवजी गाव कधी सोडलं, कोणत्या कारखान्याच्या टोळीत होतो, मुकादम कोण, परतलो कधी, वकिलांकडे चौकशी कधी केली, आदेश झाल्याचं कोणाकडून आणि कोणत्या महिन्यात कळलं, नक्कल कधी मागितली, हे सगळं शपथपत्रावर क्रमाने यायला हवं. मुकादमाचा हिशेब, उचलीची नोंद, दवाखान्याचे कागद, ग्रामपंचायतीचा दाखला, जे असेल ते सोबत लावावं. स्थलांतर हे या जिल्ह्यातलं खरं कारण आहे. ते लाजून लपवू नये, नीट मांडावं.

सर्वोच्च न्यायालयाने ‘पुरेसं कारण’ या शब्दांकडे बघण्याची दृष्टी अनेक निकालांत घडवली. १९८७ च्या कातिजी प्रकरणात अपील चारच दिवस उशिरा आलं होतं आणि तेही सरकारचं. त्यात न्यायालयाने सांगितलं की उशीर करून पक्षकाराला सहसा काही मिळत नाही; उलट उशिरावर बोट ठेवून दार लावलं तर खरा दावा उंबरठ्यावरच मरतो. रोजच्या रोज हिशेब मागण्याचा हट्ट धरू नये, व्यवहारी शहाणपणाने बघावं. १९९८ च्या बालकृष्णन प्रकरणात पुढचं पाऊल पडलं: उशीर किती दिवसांचा यापेक्षा खुलासा पटण्यासारखा आहे का हे बघायचं. थोडा उशीरही खुलाशाअभावी नाकारला जाऊ शकतो, आणि मोठा उशीरही चांगल्या खुलाशावर माफ होऊ शकतो. २००० च्या श्रीवास्तव विरुद्ध रायजादा निकालाने आणखी एक मोलाची गोष्ट स्पष्ट केली. कारण बघायचं ते ज्या तारखेला गैरहजेरीचा आदेश झाला त्या तारखेचं. त्याआधीच्या चुकलेल्या तारखा उकरून काढून अर्जदाराला निष्काळजी ठरवायचं नाही.

वकिलांच्या चुकीचं काय? गावाकडून वकीलपत्रावर अंगठा करून गेलेल्या माणसासाठी हा प्रश्न सगळ्यांत मोठा. १९८१ च्या रफिक विरुद्ध मुन्शीलाल प्रकरणात वकील न आल्याने उच्च न्यायालयाने अपील काढून टाकलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने ते परत उभं केलं. खेड्यातल्या माणसाने वकील नेमला, फी दिली, कागद दिले, म्हणजे त्याच्या हातात होतं ते त्याने केलं. वकील न्यायालयात जातो की नाही यावर त्याने पहारा ठेवायचा नसतो, अशी त्या निकालाची भूमिका होती. खर्चाचे २०० रुपयेही गैरहजर राहिलेल्या वकिलांकडूनच वसूल करायला सांगितले.

पण या निकालाच्या भरवशावर निर्धास्त राहणं धोक्याचं आहे. नोव्हेंबर २०२४ मध्ये रजनीश कुमार विरुद्ध वेदप्रकाश प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानेच बजावलं की सगळं खापर वकिलावर फोडून पक्षकाराला हात झटकता येणार नाहीत; आपल्या दाव्याची खबर त्यानेही ठेवायला हवी. मला या दोन निकालांत विरोध दिसत नाही. शहरातला व्यापारी आणि मोलगीच्या डोंगरातली निरक्षर विधवा यांनी ठेवायच्या खबरदारीचं माप एकच असू शकत नाही. एकाकडे फोन, वाहन, वेळ, भाषा सगळं आहे. दुसरीला नंदुरबारला यायचं तर मजुरी बुडवून घाट उतरावा लागतो, आणि आल्यावर तिला कळणारी बोली तिथे बोलली जाईलच असं नाही. २०११ च्या जनगणनेत जिल्ह्यातल्या दर १०० माणसांत ६९ आदिवासी होती. ‘पुरेसं कारण’ हे शब्द इथे वाचताना ही वस्तुस्थिती समोर असायलाच हवी.

विमा कंपनीचीही बाजू आहे, ती ऐकून घेतली पाहिजे. दावा सहा वर्षांनी उभा राहिला तर तिला साक्षीदार शोधणं अवघड जातं, आणि त्याहून मोठी तक्रार व्याजाची असते. मोटार वाहन कायद्याच्या कलम १७१ प्रमाणे भरपाईवर अर्जाच्या तारखेपासून व्याज देता येतं, आणि पुनर्स्थापित दाव्याला त्याचा मूळ नंबर, मूळ तारीख परत मिळते. समजा, शेवटी आठ लाखांची भरपाई ठरली आणि व्याजाचा दर साडेसात टक्के असला, तर वर्षाचं व्याज साठ हजार होतं. दावा पाच वर्षं निकाली पडून राहिला असेल तर त्या काळाचे तीन लाख कंपनीने का भरावेत? हा प्रश्न रास्त आहे, आणि न्यायालयांनी त्यावर रास्त तोडगाही काढला आहे: विलंब माफ करायचा, दावा पुन्हा नंबरावर घ्यायचा, पण मधल्या काळाचं व्याज मिळणार नाही अशी अट घालायची. कधी जोडीला थोडा खर्चही लावतात. कंपनीचं नुकसान अशा रीतीने भरून निघत असताना, केवळ उशीर झाला म्हणून अर्ज फेटाळणं मला कठोर वाटतं. कंपनीने त्या पॉलिसीचा हप्ता घेतलेला असतो. गैरहजेरीच्या आदेशाचा फायदा तिला होतो, पण तो तिने कमावलेला नसतो.

न्यायाधिकरणाने पुनर्स्थापनेचा अर्जही नाकारला तर उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठाकडे जावं लागतं. नंदुरबार जिल्हा त्याच खंडपीठाखाली येतो. तिथे जायचं म्हणजे अडीचशे किलोमीटरच्या आसपासचा प्रवास आणि नव्याने वकील. म्हणून खालच्या न्यायाधिकरणातला पहिला अर्जच इतका नीट असावा की वर जायची वेळ येऊ नये.

इथे एक मूलभूत प्रश्न विचारायला हवा. अपघाताचा दावा हा जमिनीच्या वादासारखा दोन पक्षांचा झगडा आहे का? कायद्याने न्यायाधिकरणावर चौकशी करून न्याय्य भरपाई ठरवण्याचं काम टाकलं आहे. कलम १६९ संक्षिप्त पद्धतीने चौकशी करायला सांगतं. पोलिसांचे कागद, पंचनामा, शवविच्छेदन अहवाल, पॉलिसी हे सगळं बहुतेक दाव्यांत आधीच दाखल असतं. मग अर्जदार एका दिवशी आला नाही म्हणून फाइल बंद करण्याऐवजी असलेल्या कागदांवर निकाल का देऊ नये? शेजारच्या गुजरातच्या उच्च न्यायालयाने तर मुद्दे काढल्यानंतर असा दावा गैरहजेरीत काढून टाकू नये, गुणावगुणांवर निकाली काढावा, अशी भूमिका घेतलेली आहे. महाराष्ट्राच्या नियमांत नववा आदेश स्पष्टपणे लागू आहे, त्यामुळे इथे न्यायाधिकरणाला तो अधिकार आहेच. पण अधिकार आहे म्हणून तो पहिल्या चुकीला वापरलाच पाहिजे असं नाही. अर्जदाराला गावच्या पत्त्यावर, शक्य तर पोलीस पाटलामार्फत, एक नोटीस पाठवली तर अनेक दावे वाचतील.

मोटार वाहन कायद्यातल्या २०१९ च्या दुरुस्तीनंतर पुनर्स्थापनेचं महत्त्व आणखी वाढलं. १९८८ च्या कायद्यात दावा करायला सहा महिन्यांची मुदत होती. १९९४ मध्ये ती काढून टाकली, आणि पुढे अडीच दशकांहून अधिक काळ अपघाताच्या दाव्याला मुदतीचं बंधन नव्हतं. या दुरुस्तीमुळे १ एप्रिल २०२२ पासून सहा महिन्यांची अट परत आली. म्हणजे नवा दावा टाकण्याची जी वाट काही जणांना मोकळी होती तीही अरुंद झाली. या अटीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेलं आहे, आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये न्यायालयाने अंतरिम आदेश दिला की प्रकरण प्रलंबित असेपर्यंत केवळ या मुदतीच्या कारणावरून दावे फेटाळू नयेत. ज्यांना सहा महिने उलटल्याचं सांगून परत पाठवलं असेल त्यांनी हा आदेश वकिलांच्या नजरेला आणावा.

१ एप्रिल २०२२ पासूनच दुसरी, चांगली गोष्टही लागू झाली. पोलिसांनी अपघाताचा पहिला अहवाल ४८ तासांत आणि सविस्तर अहवाल ९० दिवसांत न्यायाधिकरणाकडे पाठवायचा आहे, आणि कलम १६६(४) प्रमाणे तो अहवालच भरपाईचा अर्ज समजला जातो. डिसेंबर २०२२ च्या गोहर मोहम्मद निकालात सर्वोच्च न्यायालयाने या पद्धतीची अंमलबजावणी करायला सांगितली. म्हणून २०२२ नंतरच्या अपघातात ‘आम्ही अर्जच केला नव्हता’ असं समजून बसू नका. ज्या पोलीस ठाण्यात गुन्हा नोंदला तिथे सविस्तर अहवाल गेला का, कधी गेला, हे विचारा. अपघात गुजरातेत झाला असला तरी दावा आपण राहतो त्या जिल्ह्यात करता येतो. कलम १६६(२) ने ती मुभा दिली आहे. ऊसतोडीला गेलेला माणूस बारडोलीच्या रस्त्यावर अपघातात गेला, तरी त्याच्या घरच्यांना खटल्यासाठी तिकडे हेलपाटे घालायची गरज नाही.

पिकअपच्या अपघातांबद्दल मात्र स्पष्ट सांगायला हवं, कारण या डोंगरात तेच वाहन चालतं. मालवाहू गाडीत फुकट किंवा भाडं देऊन बसलेल्या प्रवाशाची जबाबदारी विमा कंपनीवर येत नाही, हे २००२ च्या आशा राणी निकालाने ठरलं आहे. आपल्या मालासोबत बसलेला मालाचा मालक याला अपवाद आहे. कंपनीचं हे म्हणणं दाखल झालं की अर्जदार आणि वकील दोघांचाही उत्साह मावळतो, आणि तारखा चुकायला लागतात. तसं करू नये. गाडीच्या मालकाची जबाबदारी उरतेच, आणि काही प्रकरणांत न्यायालयं कंपनीला आधी रक्कम भरायला व नंतर मालकाकडून वसूल करायला सांगतात. दावा चालवला तरच हे घडेल.

जुन्या दाव्यांसाठी आणखी एक बाब: कोरोनाकाळात, १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीतून वगळण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने दिला होता. त्या काळात किंवा त्याच्या तोंडावर दावा निघाला असेल तर विलंबाचे दिवस मोजताना ही वजावट घ्यायला विसरू नये. आणि दावा लोकअदालतीत ठेवला होता, तिथे तुम्ही गेला नाहीत म्हणून तो संपला असं कोणी सांगितलं तर विश्वास ठेवू नका. लोकअदालत फक्त तडजोड नोंदवते. तडजोड झाली नाही तर विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम २० प्रमाणे प्रकरण मूळ न्यायालयाकडे परत जातं.

घरात अपघाताच्या केसचे कागद असतील आणि वर्षभरात तारखेची खबर नसेल, तर आजच ते बाहेर काढा. दाव्याचा सोळा अक्षरी सीएनआर क्रमांक मिळाला तर ई-कोर्ट्सच्या ॲपवर पुढची तारीख किंवा निकाली निघाल्याची नोंद दिसते. क्रमांक नसेल तर अर्जदाराच्या नावावरूनही शोध घेता येतो. गावात शिकलेलं पोर हे दहा मिनिटांत करून देईल. दावा निघाला असल्याचं दिसलं तर त्या दिवसाची तारीख लिहून ठेवा, कारण इथून पुढचा उशीर तुम्हाला माहीत असूनही केलेला धरला जाईल. आदेशाची आणि रोजनाम्याची नक्कल मागा. वकील बदलायचा असेल तर तो तुमचा हक्क आहे. वकिलाला द्यायला पैसे नसतील तर नंदुरबारच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात किंवा तालुक्याच्या विधी सेवा समितीत जा, नाहीतर १५१०० या क्रमांकावर फोन करा. अनुसूचित जमातीच्या माणसाला, स्त्रीला आणि मुलाला तिथे वकील मोफत मिळतो आणि त्यासाठी उत्पन्नाची अट नाही.